मुद्देमालातला ढोलक

मित्रांनो, मी एक जुना ढोलक आहे. माझ्या उजव्या तोंडावर थोडं कातडं अजून शिल्लक आहे, म्हणून हे चार शब्द निघताहेत. डावं तोंड उघडं पडलं आहे. त्यातून उंदीर येतात-जातात, आणि वारा सुटला की धानाचा कोंडा आत येऊन बसतो. गोंदियातल्या एका शेठजींच्या गोदामात तुळईला मी टांगलेला आहे. खाली हमाल दिवसभर पोती वाहतात. त्यांतला एक हमाल कधीच मान वर करून माझ्याकडे पाहत नाही. त्याचं नाव चैतराम. माझी गोष्ट खरं तर त्याचीच आहे.

मी मूळचा कचारगडच्या रानातला. शिवणीचं झाड होतो. शिवणीचं लाकूड वजनाला हलकं, पण आवाज पोटात धरून ठेवणारं. आमगावच्या कवडूनं मला ओंडक्यातून कोरून काढलं. कवडू म्हातारा होता, तोंडाचं बोळकं झालं होतं आणि फार हळू काम करी. पटाशी चालवायच्या आधी तो माझ्या पोटात तोंड घालून हाक मारी, "हो ऽ!" मग कान लावून परत येणारी हाक ऐके. जिथं हाक अडखळली तिथंच पटाशी लावी, दुसरीकडे लावत नसे.

चैतराम तेव्हा मिसरूड फुटलेला पोरगा. ढोलक न्यायला आला आणि हा हळूपणा पाहून वैतागला.

"कवडूबा, कायले येवढा वेळ लावून राहिले गा? मंडई आली तोंडावर!"

"हात उचलाच्या आधी आयकावं लागते बापू," कवडू म्हणाला. "लाकडाले तोंड नाही, म्हनून का त्याले बोलता येत नाही?"

ते वाक्य माझ्या लाकडात मुरून बसलं आहे. पुढं मी मोठमोठ्या खुर्च्या पाहिल्या, उंच उंच मेजं पाहिली. पण हात उचलायच्या आधी ऐकणारा माणूस मला पुन्हा भेटला नाही.

चैतराम पावसाळ्यात दुसऱ्याच्या धानाच्या बांधीत चिखलणी करी आणि धान कापून झालं की शालीकराम शाहिराच्या खडी गमतीत, उभ्यानं रंगणाऱ्या तमाशात, मला वाजवी. तुम्हाला ठाऊक असेल, आमच्याकडे दिवाळी सरली की गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते. भरदुपारी, उघड्या मैदानात, चारी बाजूंनी माणसं आणि मधोमध आमची गंमत उभी. शालीकराम गाई, नाच्या घागरा फिरवी, आणि चैतराम मला कमरेला बांधून असा वाजवी की पोरं पाळणे सोडून धावत येत.

चैतरामचं लग्न झालं आणि रुख्मा घरात आली. तिनं मला सवतच ठरवून टाकलं. "माझ्याआधी हा निजते तुमच्या उशाशी," म्हणायची, आणि हसायची. पण माझ्यावर धूळ साचू देत नसे. रोवणीच्या दिवसांत बायका चिखलात वाकून गाणी म्हणत, तिथं तिनं माझ्यावरही एक जोडलं होतं:

शिवणीच्या झाडा, तुझं पोट पोकळ केलं,
माझ्या राजाचं बोलणं त्यात भरून ठेवलं.

मित्रांनो, कुणी आपल्यावर गाणं जोडावं, याहून मोठं कौतुक एखाद्या लाकडाचं काय व्हायचं?

चैतरामच्या कानाची कीर्ती मात्र माझ्याहून मोठी होती. गमतीत एक खेळ असे. शालीकराम चैतरामच्या डोळ्यांवर पागोटं बांधी आणि गर्दीला सांगी, "या गा, कोनीबी या! ढोलकाच्या तोंडावर मोहरीचा दाना ठेवा, नाहीतर नका ठेवू. आमचा चैत्या नुसत्या थापेवरून सांगते!" माणसं पुढं येत. कुणी दाणा ठेवी, कुणी नुसताच ठेवल्यासारखा हात करी. चैतराम डाव्या तोंडावर एक थाप देई, मान तिरकी करी आणि म्हणे, "हाये," किंवा "नाही, लबाडी करून राहिले." चुकला कधीच नाही. आमगावपासून तिरोड्यापर्यंत लोक त्याला मोहरीवाला म्हणत. दुसऱ्या कुठल्या मानाची त्याला कधी हाव नव्हती. शेत त्याचं नव्हतं, बैल त्याचे नव्हते. हा कान तेवढा त्याचा होता.

हे लक्षात ठेवा. पुढं हा कानच त्याला नडला.

एका साली संस्थानी हद्दीपलीकडच्या गावात आमची गंमत होती. ऐन रंगात माझं डावं कातडं फाटलं. चैतराम गोरामोरा झाला. दोन-चार दिवसांवर तिरोड्याकडची मंडई, आणि कवडू दूर आमगावात. माझं तोंड कवडूखेरीज कुणी उघडायचं नाही, असा चैतरामचा नेमच होता. पण त्या गावात नंदलाल शेठचा मुनीम धानखरेदीला आलेला होता. नंदलाल शेठ म्हणजे गोंदियाचे मोठे व्यापारी, गमतीला वर्गणी देणारे. मुनीम मायेनं म्हणाला, "अरे चैतराम, फिकर कायको करते? इथं आपला माणूस आहे. रातभरात नवं कातडं चढवून देतो. शेठजींकडून तुला भेट समज."

चैतरामला गहिवरून आलं. त्यानं मला मुनिमाच्या हाती दिलं.

मुनिमाच्या त्या माणसानं माझं डावं तोंड उघडलं. पोटात, लाकडाला चिकटवून, पळसाच्या पानांत बांधलेल्या चपट्या काळ्या वड्या बसवल्या आणि वरून मेण फासलं. मग नवं कातडं ताणून बांधलं. ती अफू होती. हद्दीपलीकडे स्वस्त, अलीकडे सरकारी करानं महाग. गंमतवाल्याच्या ढोलकात कोण हात घालून पाहणार, असा शेठजींचा हिशेब होता. माझ्या पोटात रुख्माच्या राजाचं बोलणं भरलं होतं, तिथं आता हे भरलं गेलं. मला ओरडता आलं असतं तर मी ओरडलो असतो. पण ढोलकाला दुसऱ्यानं मारल्याशिवाय तोंड फुटत नाही.

सकाळी चैतरामनं थाप दिली आणि त्याचा चेहरा उतरला.

"शालीकदादा, आयका. याचा घुमारा आखूड झाला गा."

"नवं कातडं हाये. बसंल दोन दिवसात."

"कातड्याचं नाही. आत काईतरी जास्तीचं हाये. आतून लावाचा मसाला बेसुमार थापला वाटते त्यानं."

"मंग उघड अन् पाहा!"

"भेट देल्ली त्याहीनं. त्याहीच्या देखत उघडून पाहू का? बरं दिसते का ते? आमगावले गेलो का कवडूबाकडून करून घेतो."

बस. एवढंच झालं, मित्रांनो. कुणाची भेट त्याच्या तोंडावर उसवून पाहू नये, एवढी त्याची रीत. त्या रीतीपायी तो मला तसाच घेऊन रेल्वेत बसला.

गोंदियाच्या स्टेशनात आबकारीचे शिपाई उभे होते. कुणीतरी बातमी दिली असावी. जमादारानं माझ्यावर टिचकी मारली आणि दात काढले, "क्यों भाई मोहरीवाले, ढोलक को सर्दी हो गई क्या?" आणि उत्तराची वाट न पाहता चाकू चालवला. नवं कातडं टराटरा फाटलं. वड्या फलाटावर पडल्या. माझ्या पोटातला माल काढून घ्यायला आधीच येऊन थांबलेला मुनीम मागच्या मागं पळू लागला. त्याला धरलं तेव्हा त्यानं घाबरून शेठजींचं नाव सांगून टाकलं.

चैतराम त्या वड्यांकडे पाहत राहिला. मग म्हणाला, "म्हनूनच!" त्याच्या मनातलं कोडं तेवढं सुटलं होतं. जमादारानं तो शब्द नीट ध्यानात ठेवला.

मला कचेरीत नेलं आणि माझ्या गळ्यात चिठ्ठी बांधली. त्या दिवसापासून मी ढोलक उरलो नाही. मी मुद्देमाल झालो.

खटल्याच्या दिवशी कचेरीबाहेरच्या कडुनिंबाखाली सगळी गंमत गोळा झाली होती. रुख्मा होती. तिला दिवस गेले होते. चैतरामची म्हातारी आई होती. मला शिपायानं तिथंच ओट्यावर ठेवलं होतं, म्हणून मी सगळं ऐकलं. भैयाजी नावाचे अर्ज लिहून देणारे गृहस्थ चैतरामला समजावत होते.

"आईक. कायद्यात वरची हद्द लिहिली आहे, एक साल. खालची हद्द काहीच लिहिली नाही. साहेबाच्या मनात आलं तर एक साल सक्तमजुरी, मनात आलं तर नुसता दंड, मनात आलं तर तंबी देऊन घरी. मधलं सगळं त्याच्या मर्जीवर. समजलं? आता तो विचारंल, तुले माहीत होतं का? तू एकच म्हन, 'मले काई समजत नाही साहेब.' बस. दुसरा शब्द तोंडातून काढायचा नाही."

"मले समजत नाही म्हनू?" चैतराम चमकला.

"हो. काऊन?"

"ढोलकातलं? मले?"

"बाप्पा!" भैयाजींनी कपाळाला हात लावला. "इथं मंडई भरली का? मोहरी सांगाची आहे का तुले?"

रुख्मा पुढं झाली. "म्हना ना तसं. येका शब्दानं का कान झडून पडते का तुमचा?"

 चैतरामनं कडुनिंबाखालच्या माणसांकडे पाहिलं. सगळी त्याला ओळखणारी. यांच्यातल्या कितीकांनी आपल्या हातानं माझ्या तोंडावर दाणा ठेवून पाहिला होता.

आत मॅजिस्ट्रेट साहेब बसले होते. नागपूरकडचे, बारीक अंगाचे, गाण्याचे शौकीन. आमच्या आधी एका म्हाताऱ्या शकुंतलाबाईची केस निघाली. रोवणीला जाणाऱ्या बायका तान्ह्या लेकराला अफूची कणभर गोळी देतात, म्हणजे ते बांधावर निजून राहतं. ही म्हातारी गावातल्या लेकरांसाठी बिनपरवान्याची अफू पुडीत घेऊन चालली होती. साहेबांनी तिला विचारलं, "आजी, कुणासाठी?" ती म्हणाली, "नातीसाठी अन् शेजारनीच्या लेकरासाठी. तुमाले बी देल्ली असन तुमच्या मायनं!" सगळी कचेरी हसली. साहेबही हसले. आणि तंबी देऊन तिला सोडलं.

मित्रांनो, मला त्या साहेबांचा राग येतो तो यामुळेच. ते दगड असते तर मी त्यांना दगड म्हणून सोडून दिलं असतं. पण त्यांना ऐकता येत होतं. एक प्रश्न विचारून, त्याचं उत्तर ऐकून, माणूस सोडता येत होता. मी पाहिलं ते. आणि मला आशा वाटली.

मग नंदलाल शेठ उभे राहिले. अंगात स्वच्छ कोट, हात जोडलेले. शेजारी मोठा वकील. त्यांनी गुन्हा कबूल केला. "हुजूर, भूल हुई. लालच में आ गया. जो सजा देंगे, मंजूर." वकिलानं सांगितलं की शेठजींनी धर्मशाळा बांधली आहे, दवाखान्याला देणगी दिली आहे, त्यांच्या गोदामावर कितीतरी घरं जगतात, आणि हा पहिलाच गुन्हा आहे.

साहेबांनी शेठजींना विचारलं, "हा ढोलकवाला. याला माहीत होतं का?"

शेठजींनी चैतरामकडे पाहिलं. त्यांना खरं ठाऊक होतं. नाही म्हणाले असते तर त्यांचं काहीच बिघडत नव्हतं. पण आपल्या वाटणीची बदनामी उचलायला आणखी एक खांदा कुणाला नको असतो?

"अब क्या बोलूं हुजूर," शेठजी गोड हसले. "बहुत बड़ा कलाकार है. मोहरी का दाना पहचानता है. इसको तो पता चलता ही होगा."

चैतरामची मान ताठ झाली. एवढ्या मोठ्या ठिकाणी, एवढ्या मोठ्या माणसानं, त्याच्या कानाचं नाव काढलं होतं. मला दिसत होतं, मित्रांनो, की ते कौतुक नव्हे, फास आहे. आणि तो वेडा त्यात आपणहून मान घालत होता.

साहेब त्याच्याकडे वळले. "काय रे? आत काही आहे हे तुला कळलं होतं?"

भैयाजी दारातून खुणावत होते. रुख्मानं पदर तोंडात धरला होता. शालीकराम मान हलवत होता. चैतरामनं एकदा माझ्याकडे पाहिलं. माझं डावं तोंड फाटून लोंबत होतं.

"हो साहेब," तो म्हणाला. "पयल्याच थापेले समजलं. आत जास्तीचं हाये म्हनून. मोहरीयेवढं असलं तरी मले समजते."

साहेबांनी मान खाली घातली आणि लिहायला घेतलं.

मी वाट पाहिली. सगळ्या कचेरीनं वाट पाहिली. आता दुसरा प्रश्न येईल. "मग तुला काय वाटलं, आत काय आहे?" एवढाच. चैतराम म्हणाला असता, "मसाला साहेब. बेसुमार झाला होता. कवडूबाकडून काढून घेनार होतो." शालीकरामनं साक्ष दिली असती. कवडू आमगावाहून धावत आला असता. पण टाक कागदावर चालू लागला होता. चालत्या टाकाला मध्येच थांबवणार कोण?

चैतरामनं पुन्हा तोंड उघडलं, "साहेब, पन मी..."

"तुझं ऐकलं," साहेब म्हणाले.

मग त्यांनी निकाल वाचला. आवाज शांत होता, भाषा शुद्ध होती. "कायद्यानं अशा बाबतीत आम्हाला मोकळीक दिली आहे. आरोपी कोण, त्याचं घर कसं, समाजात त्याचं स्थान काय, हे पाहून शिक्षा ठरवायची असते." शेठजींनी पश्चात्ताप दाखवला होता, त्यांना तुरुंगात टाकलं तर अनेक निरपराध घरं उघड्यावर पडतील, म्हणून त्यांना दंड. मुनिमानं मालकाचा हुकूम पाळला, म्हणून त्यालाही दंड, आणि तो शेठजींनी तिथल्या तिथं भरला. आणि चैतराम? तो गावोगाव फिरणारा. त्याचा एक ठावठिकाणा नाही. त्यानं जाणूनबुजून, आपल्या कलेचा उपयोग करून, हा माल वाहून आणला. अशा लोकांमुळे व्यसन खेड्यापाड्यांत पसरतं. इतरांना धाक बसावा म्हणून एक वर्ष सक्तमजुरी. ढोलक सरकारजमा.

घर पाहून, म्हणाले. चैतरामचं घर तर दारातच उभं होतं, पोटुशी आणि अनवाणी. ते त्यांनी पाहिलं नाही. ठावठिकाणा नाही, म्हणाले. पण एवढी वर्षं पाऊस आला की चैतराम त्याच एका बांधीच्या चिखलात उभा असे. तेही कुणी विचारलं नाही. कायदा एकच होता, कलम एकच होतं, अफूही एकाच ढोलकातली होती. आणि त्या मोकळ्या जागेत, कमी आणि जास्तीच्या मधोमध, एक जण गाडीत बसून घरी गेला आणि दुसऱ्याच्या हातात बेड्या पडल्या.

"असं कसं?" चैतरामची आई शिपायाला विचारत राहिली. "यकाच गुन्ह्याले दोन माप कसे गा?"

शिपाई म्हणाला, "मर्जी असते, बुढे."

मला मालखान्यात टाकलं. तिथं माझ्यासारखे पुष्कळ होते. गुप्त्या, गांजाच्या चिलमी, मोहाच्या दारूचे हंडे. पावसाळा आला. खिडकीच्या गजांशी एकदा रुख्मा आली. रोवणी करून परस्परच आली असावी, पायाला चिखल होता, पाठीला लेकरू बांधलेलं होतं. शिपाई ओळखीचा होता, त्यानं पाहू दिलं.

तिनं गजांतून माझं फाटकं तोंड पाहिलं. मग म्हणाली, "काय गा सवती, तूच होतास ना तिथं? त्या मानसानं तुलेच उघडलं, तुयाच पोटात भरलं. तू तरी बोलला असतास."

मित्रांनो, आयुष्यात मला पुष्कळ थापा बसल्या. एवढी जोरात कुठलीच लागली नाही. कसं सांगू तिला, की कचेरीत साक्षीदाराला बोलता येतं, मुद्देमालाला नाही? कसं सांगू, की ज्याला तोंड होतं, त्यानं खरं सांगितलं आणि त्याचंच त्याला वर्ष झालं?

तिनं गजावर डोकं टेकलं आणि आपलंच जुनं गाणं पुटपुटली. शेवट मात्र बदलला होता:

शिवणीच्या झाडा, तुझं पोट पोकळ केलं,
माझ्या राजाचं बोलणं कोणी लुटून नेलं?

मग सरकारी लिलाव झाला आणि मला नंदलाल शेठच्या त्याच मुनिमानं विकत घेतलं. होय, त्यानंच. बाजारातल्या कुण्या कारागिराकडून त्यानं माझं डावं तोंड घाईघाईत मढवून घेतलं. मसाला जाड, कडेला गाठ, वादी ढिली. माझ्या तोंडून नुसतं 'धप्प' येई. शेठजींच्या बैठकीत मी शोभेला बसलो.

साहेबांची बदली झाली तेव्हा शेठजींनी त्यांना निरोपाची मेजवानी दिली. संध्याकाळी भजन ठेवलं. चैतराम नुकताच सुटून आला होता. शेठजींनी त्याला बोलावणं पाठवलं.

तो आला तेव्हा मी त्याला पावलांवरून ओळखलं. तोंडावरून ओळखता आलं नसतं. केस पांढरे झाले होते. वर्षभर जातं ओढून बोटांची पेरं जाड झाली होती.

"आओ चैतराम, आओ!" शेठजींनी सगळ्यांदेखत त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "पुरानी बात गई. देखो, तुम्हारा ढोलक हमने संभालके रखा है."

चैतराम माझ्यासमोर बसला. त्यानं हात पुढं केला, मागं घेतला, पुन्हा पुढं केला. आणि डाव्या तोंडावर एक थाप दिली.

त्याला कळलं. मित्रांनो, मी शपथेवर सांगतो, पहिल्या थापेलाच कळलं. मसाला कुठं जाड, गाठ कुठं, वादी कुठली ढिली, सगळं. त्याचं बोट नेमकं त्या गाठीवर जाऊन थांबलं. मान जुन्या सवयीनं तिरकी झाली. आता तो म्हणणार, "थांबा. याचा घुमारा आखूड हाये."

समोर गादीवर साहेब पान चघळत होते. त्यांनी चैतरामला ओळखलं नव्हतं. कसं ओळखणार? त्यांच्यासमोर रोज माणसं उभी राहत होती. ते हसून म्हणाले, "काय रे, आवाज ठीक आहे ना? आम्हाला आपलं त्यातलं काही कळत नाही. तूच सांग."

आज विचारलं त्यांनी. आज त्यांना वेळ होता.

चैतरामची मान सरळ झाली. बोट गाठीवरून निघालं. त्यानं खाली पाहिलं आणि म्हणाला, "मले काई समजत नाही साहेब."

"अरे, वाजवणारा ना तू?"

"वाजवतो साहेब. समजत नाही."

सगळी बैठक हसली. साहेबांना त्या उत्तराची फार मौज वाटली. आणि त्या संध्याकाळी चैतरामनं मला तसंच, बेसूर, गाठीसकट, शेवटच्या आरतीपर्यंत वाजवलं. एकदाही वादी ओढली नाही. साहेब मधूनच म्हणत, "वा!"

त्यानंतर त्यानं मला हात लावला नाही. शालीकराम बोलवायला आला तर म्हणाला, "दुसरा पाहा गा. मले आयकू येत नाही आता." ऐकू तर येतं त्याला. पोटासाठी तो शेठजींच्याच गोदामात हमाल झाला; तिथं पोतं जमिनीवर पडलं की आवाजावरूनच कळतं त्याला की आत धान किती ओलं आहे. त्याची मान किंचित वळते, मला वरून दिसतं. पण मुकादमानं विचारलं की तो तेच उत्तर देतो. तेच, जे त्या दिवशी कडुनिंबाखाली त्याच्या जिभेवर बसत नव्हतं. आता चांगलं बसलं आहे. कचेरीनं वर्षभराची सजा दिली होती. ती संपली. ही जी दुसरी आहे, ती कुठल्या कागदावर लिहिलेली नाही, म्हणून ती संपतही नाही.

मी पुढं अडगळ झालो. बैठकीत ग्रामोफोन आला आणि मी गोदामात, तुळईला टांगला गेलो. डावं कातडं उंदरांनी खाल्लं. शेठजी वारले, त्यांच्या नावाचा दगड धर्मशाळेला लागला. आता इंग्रज निघाले म्हणतात. कचेरीवर नवा झेंडा येईल, खुर्चीत नवा साहेब येईल. चांगलं आहे. पण कायद्यात ती मोकळी जागा राहीलच, कमी आणि जास्तीच्या मधली. ती असावीच लागते. तिच्याचमुळं ती म्हातारी आजी घरी गेली होती. ती जागा वाईट नाही, मित्रांनो. वाजवणाऱ्याच्या हातालाही ती असते. किती जोरात मारायचं, हे कातडं ठरवत नाही, हात ठरवतो.

उद्या तुमच्यातलाही कुणी त्या खुर्चीवर बसेल. कुणी मास्तर होईल, कुणी मुकादम, कुणी नुसता बाप. तुमच्या हाती कुणाचं तरी कमी-जास्त येईल. तेव्हा या जुन्या ढोलकाची एवढी विनवणी ऐका. हात उचलायच्या आधी समोरच्याच्या पोटात एक हाक घाला आणि ती परत येईपर्यंत थांबा. एक प्रश्न जास्त विचारा. खरं बोलणाऱ्याला त्याच्या खऱ्यापायी मारू नका. तो मरत नाही, पण पुन्हा खरं बोलत नाही.

परवा दुपारी गोदामात कुणी नव्हतं. चैतराम एका पोत्याला टेकून बसला होता. बसल्या बसल्या त्याची दोन बोटं पोत्यावर पडली आणि जुना ठेका निघाला, मंडईतला, पोरांना पाळण्यांवरून ओढून आणणारा. माझ्या उरल्यासुरल्या कातड्यावर शहारा आला. तेवढ्यात दारात सावली पडली.

त्यानं बोटं मुठीत मिटून घेतली.